सुमित्रा भावे: अख्खं करिअर एका पावसाळ्यात बघितलं, त्याचा रिव्ह्यू

आधीच सांगतो, मी समीक्षक बिमीक्षक नाही. एका निमसरकारी ऑफिसात बिलाच्या खिडकीवर तीस वर्षं काढली (खिडकीच्या आतल्या बाजूला, कसलं बिल ते विचारू नका) आणि रिटायर झालो. तेव्हापासून मिक्सर, गॅसची शेगडी, गुडघ्याचा पट्टा, घराजवळची खानावळ असल्या गोष्टींचे रिव्ह्यू लिहितो, चार लोक वाचतातही. यावेळी जे वापरून बघितलं ते जरा वेगळं आहे. बायकोच्या गुडघ्याचं ऑपरेशन झालं, दीड महिना घराबाहेर पडायचं नाही, बाहेर धो धो पाऊस, आणि सिरियल बघून बघून दोघांचीही डोकी उठलेली. लेक म्हणाली बाबा, रोज नवीन काहीतरी शोधत बसता त्यापेक्षा एकाच माणसाचं सगळं काम पहिल्यापासून बघा. तिनेच नाव दिलं, सिनेदिग्दर्शिका सुमित्रा भावे. मी म्हटलं त्या 'कासव' सिनेमावाल्या का, ती म्हणाली हो, पण कासव शेवटी.

तर हा रिव्ह्यू एका सिनेमाचा नाही, एका बाईंच्या पंचवीस-तीस वर्षांच्या कामाचा आहे. नुसतं बाईंचं म्हटलं तर चूक होईल कारण जवळजवळ सगळीकडे दिग्दर्शनात सुनील सुकथनकर यांचं नाव बरोबरीने आहे, गाणीही बरीचशी त्यांचीच. पण कथा-पटकथा-संवाद म्हणजे लिहिण्याची बाजू मुख्यतः भावेबाईंची, आणि मला बोलायचंय ते जास्त करून लिहिण्याबद्दलच.

पहिली तक्रार प्रॉडक्टची नाही, दुकानाची. हे सिनेमे एका जागी मिळतच नाहीत हो! एका ॲपचं वर्षाचं सबस्क्रिप्शन भरलं, सर्च केलं, पोस्टर झळकलं, आणि त्यावर दाबलं की 'सध्या उपलब्ध नाही'. मग पोस्टर कशाला लावलंय, दुकानाबाहेर वडापावचा फोटो आणि आत नुसते पाव अशातली गत. कस्टमर केअरला चॅट केलं तर तिकडून मशीन बोलतंय, मला तीनदा विचारलं की तुमची समस्या सुटली का. ऑफिसात मीपण लोकांना असंच टोलवायचो म्हणा, फक्त मशीन नव्हतो. शेवटी काही ऑनलाइन, काही जावयाने कुठून कुठून आणलेल्या डीव्हीडी, एक डीव्हीडी मध्येच अडकायची ती शर्टाच्या टोकाने पुसून लावायची. चौदा-पंधरा फीचर फिल्म आणि पन्नासच्या वर शॉर्टफिल्म असं सगळं काम आहे, आम्ही त्यातले नऊ सिनेमे पूर्ण आणि दोन अर्धेमुर्धे बघितले, तेवढ्यावरच बोलतो.

आता बाई कोण. १९४३ चा पुण्याचा जन्म, शिक्षण राज्यशास्त्र-समाजशास्त्राचं, मुंबईत टिसमध्ये, म्हणजे टाटा समाजविज्ञान संस्थेत, समाजकार्य शिकल्या, मग पुण्यात कर्वे समाजसेवा संस्थेत दहाएक वर्षं शिकवलं. सिनेमाचं शिक्षण शून्य. सुकथनकर एफटीआयआयचे, म्हणजे पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकलेले, बाई नाहीत. वस्तीतल्या बायकांवर संशोधन करत होत्या आणि प्रश्न असा पडला की हा जो जाडजूड रिपोर्ट आपण लिहितोय तो जिच्याबद्दल आहे तिला वाचताच येत नाही, मग तिला तो परत कसा द्यायचा. त्यातून १९८५ ला 'बाई' नावाची शॉर्टफिल्म झाली आणि पहिल्याच कामाला राष्ट्रीय पुरस्कार. मग 'पाणी', त्यालाही. हे मला फार म्हणजे फार आवडलं, कारण सरकारी कामात माझी अख्खी हयात रिपोर्ट वर पाठवण्यात गेली, ज्याच्याबद्दल रिपोर्ट आहे त्याला खाली परत द्यायचा असतो ही गोष्ट आमच्या सर्क्युलरमध्ये कधी आलीच नाही.

पहिला सिनेमा 'दोघी', १९९५. गोष्ट सांगतो पण शेवट सांगत नाही. गावातल्या दोन बहिणी, मोठीचं लग्न, वऱ्हाडाला अपघात होतो आणि नवरदेव जातो, मग मुलगी पांढऱ्या पायाची ठरते. घरात खायला नाही, ती नात्यातल्या माणसाबरोबर मुंबईला जाते, तिकडून पैसे येतात, पैसे कसले ते आईला कळतं आणि कळूनही कळत नाही. मग धाकटीच्या लग्नाला मोठी परत येते आणि तीच आई तिला शुभकार्यात हात लावू देत नाही. उत्तरा बावकर आई झाल्यात. बायको मध्येच म्हणाली बंद करा, मला बघवत नाही, आणि पाच मिनिटांनी तिनेच लावायला सांगितलं. रेणुका दफ्तरदार आणि सोनाली कुलकर्णी दोघीही अशा वावरतात की कॅमेरा आहे हे त्यांना कुणी सांगितलेलंच नाही असं वाटतं. सदाशिव अमरापूरकर पण आहेत, हिंदीत त्यांना बघून आपण खुर्चीत मागे सरकायचो, इथे तसं काही करायची सोयच नाही.

आणि इथेच मला या बाईंची खोड कळली. त्यांच्या सिनेमात ज्याला शिव्या घालून मोकळं व्हावं असा माणूस सापडतच नाही. दोघीमधल्या आईचा राग येतो, पण तिच्या जागी आपण काय केलं असतं हा प्रश्न लगेच पाठोपाठ येतो आणि राग अर्धवट राहतो. नंतरचे सगळे सिनेमे बघताना मी हेच शोधत बसलो की आता व्हिलन येईल, मग येईल, पण नऊ सिनेमे झाले तरी तो काही आला नाही. पहिल्या दोन-तीनला बेचैनी होते, जेवणात मीठ नसल्यासारखी, मग सवय लागते, मग सिरियल लावली की तिथली सासू डोळे वटारते तेव्हा हसूच येतं.

'वास्तुपुरुष' आणि 'दहावी फ' दोन्ही २००२ च्या आसपासचे. वास्तुपुरुष गावातल्या जुन्या वाड्याचा, कूळकायद्यात जमिनी गेलेलं घर आणि मुलाला डॉक्टर करायचंच या एका गोष्टीला चिकटून बसलेली आई. चांगला आहे, पण संथ, मी दुपारी बघितला हे चुकलं, रात्री बघा. 'दहावी फ' मात्र नातवाला शेजारी बसवून बघितला. फ तुकडी म्हणजे ज्यांना शाळेने आधीच मोडीत काढलंय ती पोरं, रागाच्या भरात शाळेची नासधूस करतात, आणि अतुल कुलकर्णींचे देशमुख सर त्यांना शिक्षा न देता नुकसानभरपाई स्वतः कमवून द्यायच्या मागे लावतात. नातू म्हणाला आजोबा आमच्याकडे आता तुकड्यांना फुलांची नावं असतात. मी म्हटलं मग ढ मुलांना कुठलं फूल? त्याने क्षणाचाही विलंब न लावता सांगितलं, झेंडू.

आता माझ्या दुखऱ्या नसेवर येतो. 'एक कप च्या', २००९. किशोर कदम एसटीचा कंडक्टर आहे, कोकणातलं छोटंसं घर, चार दिवे, आणि विजेचं बिल येतं हजारोंच्या आकड्यात. तो चकरा मारतो, या टेबलावरून त्या टेबलावर, आधी भरा मग बघू, साहेब दौऱ्यावर आहेत, उद्या या. मग कुणीतरी त्याला माहितीच्या अधिकाराचं सांगतं. तो कायदा देशभर १२ ऑक्टोबर २००५ ला लागू झाला, महाराष्ट्रात त्याआधी २००२ चा स्वतःचा होता, हे मला पाठ आहे कारण आमच्या ऑफिसात त्यावरून भूकंप झाला होता. जोडपत्र अ म्हणजे अर्जाचा नमुना, दहा रुपयांचं कोर्ट फी स्टॅम्प, तीस दिवसांत उत्तर. पहिला अर्ज आवकमध्ये पडला तेव्हा आमचे साहेब विचारत होते हा माणूस कोण, कुठल्या पार्टीचा, आणि तो निघाला एक रिटायर्ड प्राथमिक शिक्षक, त्याचं म्हणणं एवढंच की माझी रीडिंग कुणी आणि कधी घेतली ते सांगा. रीडिंग कुणीच घेतली नव्हती. अंदाजे टाकली होती. अंदाजे टाकणाऱ्यात मीपण होतो.

त्यामुळे हा सिनेमा बघताना मी पंख्याच्या रेग्युलेटरशी उगाच खेळत बसलो. सिनेमात खिडकीच्या आतली माणसं राक्षस नाहीत, पान थुंकत नाहीत, फक्त त्यांना समोरच्या माणसाचं काही पडलेलं नाही, आणि ते इतकं खरं आहे की मला वाटलं बाई आमच्या ऑफिसात येऊन बाकड्यावर बसून गेल्या असणार आणि आम्ही त्यांनाही उद्या या म्हणालो असणार. बायकोने विचारलं असं करायचात तुम्ही? मी म्हटलं चहा टाकू का. कंडक्टरच्या घरातले सगळे मिळून तो अर्ज लिहायला बसतात तो भाग जरूर बघा, साधा अर्ज, पण अख्खं घर परीक्षेला बसल्यासारखं. सरकारी योजनेची जाहिरात वाटायचा धोका होता, आणि थोडी वाटतेही, खोटं कशाला बोला. कायद्याची माहिती देणारे संवाद येतात तेव्हा माणूस बोलत नाही, पत्रक बोलतं.

ही तक्रार एकंदरच आहे आणि ती इथेच करून टाकतो. बाईंच्यातली मास्तरीण अधूनमधून पडद्यामागून बाहेर येते. 'देवराई' बघा, २००४ चा, स्किझोफ्रेनियावर. अतुल कुलकर्णींचा शेष, कोकणातली देवराई वाचवायची या ध्यासात गुंतलेला, हळूहळू आवाज ऐकू यायला लागतात, बहीण सोनाली कुलकर्णी त्याला आपल्या घरी पुण्याला आणते आणि तिच्या संसाराची जी ओढाताण होते ती तर काळजाला हात घालते. पण मग डॉक्टर मोहन आगाशे येतात आणि आजार समजावून सांगतात, आपल्याला, म्हणजे प्रेक्षकाला. मला ते खटकलं. बायको म्हणाली तुम्हाला खटकलं कारण तुमच्या घरात कुणी नाही असं, आमच्या माहेरी एक काका होते, लोक म्हणायचे बाहेरचं झालंय, अंगारे धुपारे केले, एकानेही असं बसून सांगितलं नाही की हा मेंदूचा आजार आहे. यावर मी काय बोलणार. तरी माझं मत अर्धं कायम आहे, सिनेमा म्हणून तिथे तो बसतो, चालत नाही.

दुसरी तक्रार, माणसं बोलतात फार नीट. भांडतानासुद्धा वाक्य पूर्ण करतात. आमच्या घरात भांडणात कुणाचं वाक्य पूर्ण झालं असेल तर दाखवा. शिवाय बरीचशी घरं पुण्यातली, पुस्तकांची कपाटं असलेली, दुःखसुद्धा शिकलेलं. जातीचा ठसठसणारा राग पाहिजे असेल तर नागराज मंजुळ्यांकडे जावं लागेल, तो माल या दुकानात कमी आहे. 'नितळ' मध्ये कोड असलेली मुलगी डोळ्यांची डॉक्टर आहे, देविका दफ्तरदारने सुंदर केलंय, पण सतत वाटत राहिलं की हीच मुलगी डॉक्टर नसती, आमच्या गल्लीत शिवणकाम करणारी असती तर सिनेमा जास्त टोचला असता. 'संहिता' आम्ही अर्ध्यात सोडला, त्यातली आरती अंकलीकरांची गाणी मात्र नंतर नुसतीच लावून ऐकली (त्यातल्या एका गाण्यासाठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कार आहे, तो का ते ऐकलं की कळतं).

आता 'अस्तु'. पैसे वसूल कशाला म्हणतात तर याला. मोहन आगाशे यात संस्कृतचे मोठे पंडित, चक्रपाणि शास्त्री, आणि त्यांना अल्झायमर. गंमत बघा, आगाशे खऱ्या आयुष्यात मानसोपचारतज्ज्ञ, देवराईत डॉक्टर, आणि इथे पेशंट. मुलगी, म्हणजे इरावती हर्षे, त्यांना थोडा वेळ गाडीत बसवून जाते, रस्त्यावरून हत्ती जातो, आणि हे पोरासारखे उतरून हत्तीच्या मागे चालायला लागतात. बस्स, हरवले. इकडे घरचे शोधतायत, जुनी उणीदुणी निघतायत, कुणी वडिलांना कधी किती वेळ दिला, तिकडे म्हातारा माहुताच्या पालाजवळ जाऊन पोचलाय. माहुताची बायको अमृता सुभाष, कानडी बोलणारी, स्वतःचंच पोर सांभाळताना नाकी नऊ आलेत, आणि हा परका म्हातारा तिला आई म्हणायला लागतो. ती आधी वैतागते. मग त्याला खायला घालते. यासाठी अमृता सुभाषला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला आणि संवादांसाठी भावेबाईंना.

मी आधी वाक्यं फार नीट म्हणून कुरकुर केली ना, इथे त्याचं उत्तर आहे. एक माणूस संस्कृत श्लोक म्हणतोय, समोरची कानडी-मराठी मिसळून बोलतेय, दोघांना एकमेकांचं काही कळत नाही आणि तरी जेवण होतं, अंघोळ होते, झोप होते. तिकडे सगळी शिकलेली मंडळी एकच भाषा बोलून एकमेकांना कळत नाहीयेत. माझे वडील शेवटची दोन वर्षं मला 'साहेब' म्हणायचे. मी दर वेळी चिडून सांगायचो अहो मी तुमचा मुलगा, ओळखा की. ओळखायला लावण्यात किती दिवस गेले. त्या कानडी बाईने एका दुपारीत जे केलं, म्हणतोयस ना आई, बरं आहे मी आई, ते मला दोन वर्षांत सुचलं नाही. असो.

'कासव' ला सुवर्णकमळ, म्हणजे सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार, २०१७ च्या एप्रिलमध्ये जाहीर झालं. श्यामची आई, श्वास, देऊळ, कोर्ट आणि मग हा, म्हणजे मराठीला पाचवं. इतकं होऊन आमच्या गावात थेटरात लागला नाही, लागला असेल तर मला कळला नाही. आत्महत्येचा प्रयत्न केलेला मुलगा आलोक राजवाडे, त्याला रस्त्यातून उचलून आपल्या घरी नेणारी जानकी, तीही डिप्रेशनमधून नुकती बाहेर येत असलेली, आणि कोकणच्या किनाऱ्यावर ऑलिव्ह रिडले कासवांची अंडी जपणारे दत्ताभाऊ. कासवाची मादी वाळूत अंडी घालून समुद्रात निघून जाते, पिल्लं आपली आपण पाण्याकडे जातात, आपण फक्त कुत्र्यामाणसांपासून खड्डा राखायचा. जानकी त्या मुलाचं तेवढंच करते. नाव विचारत नाही, का केलंस विचारत नाही, जेवण ठेवते, दार उघडं ठेवते. पेशन्स ठेवून बघा, पहिला अर्धा तास काहीच घडत नाही असं वाटेल. मुलगा वयात आलेला असेल घरात तर एकदा तुम्ही एकटेच बघा, मग त्याच्याबरोबर.

एक गोष्ट लक्षात आली ती कुठे वाचली नव्हती म्हणून सांगतो. किशोर कदम, म्हणजे आपले कवी सौमित्र, एक कप च्या मध्ये कंडक्टर, कासवमध्ये गाडीचा ड्रायव्हर, आणि 'दिठी' मध्ये लोहार. तिन्हीकडे हाताला काम. त्याचं दुःख, त्याची माया जे काय आहे ते त्या कामातून वाहतं, तोंडातून कमी. बाईंना कष्टकरी माणसाचे हात बरोब्बर दिसायचे, घोळ व्हायचा तो तोंडाला संवाद देताना, आणि शेवटच्या सिनेमात तो घोळही संपला.

दिठी दि. बा. मोकाशींच्या कथेवर आहे. तीस वर्षं वारी केलेला रामजी लोहार, जवान मुलगा पुरात बुडून गेला, सून बाळंत झाली तर मुलगी झाली, आणि याचा विठ्ठलावरचा विश्वासच उडालाय. बाहेर पाऊस थांबत नाही. आमच्याही खिडकीबाहेर थांबत नव्हता, त्यामुळे आवाज टीव्हीतला कुठला आणि पत्र्यावरचा कुठला कळेना. गावातली म्हातारी मंडळी पोथी वाचायला जमतात, दिलीप प्रभावळकर वगैरे, सगळे त्याला समजवायला बघतात आणि एकालाही जमत नाही. मग गावातली एक गाय अडते, आणि रामजीच्या हाताला ते अवघड काम येतं म्हणून त्याला बोलावणं येतं. पुढचं सांगत नाही. ज्या बाईंनी आयुष्यभर समजावून सांगितलं त्यांनी शेवटच्या सिनेमात समजावून सांगणाऱ्यांना गप्प बसवलं आणि गायीला पुढे केलं. १९ एप्रिल २०२१ ला बाई पुण्यात गेल्या आणि दिठी लोकांपर्यंत मे महिन्यात ओटीटीवर आला.

सुरुवात कुठून करावी विचाराल तर आमच्यासारखी क्रमाने अजिबात करू नका, दोघीने माणूस खचतो. आधी दहावी फ, मग अस्तु, मग एक कप च्या, आणि पावसाळा असेल तर दिठी पावसातच. घाईत असाल, फोन हातात घेऊन बघणारे असाल, तर हे सिनेमे तुमच्यासाठी नाहीत, उगाच एक स्टार देऊन नाव खराब करू नका. कामाबद्दल पाचपैकी चार, मिळण्याच्या सोयीबद्दल पाचपैकी एक, तोही जावयाला.

बायकोने चार मान्य केले नाहीत. तिचं म्हणणं पूर्ण पाच. कारण विचारलं तर तिने 'वेलकम होम' काढला, जो मी अर्धा झोपेत बघितलेला, मृणाल कुलकर्णी नवऱ्याचं घर सोडून मुलीला घेऊन माहेरी येते आणि माझं घर नक्की कुठलं या प्रश्नावर अडून बसते. मी म्हटलं त्यात काय एवढं, घरावर नाव तर दोघांचं असतं हल्ली. ती म्हणाली आपल्या बिलावर कुणाचं नाव आहे? तीस वर्षं बिलाच्या खिडकीवर बसून मला हे माहीत असायला हवं होतं. दोघांचं करायला अर्ज लागतो, फॉर्म आणायला उद्या जातोय, खिडकीच्या बाहेरच्या बाजूने.